परळचं टाटा हॉस्पिटल: उपचार, शिक्षण आणि संशोधन एकाच छताखाली. रुग्णाच्या दृष्टीने बरं की वाईट?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी. माझ्या सख्ख्या मामांना (वय ५८) गालाच्या आतल्या बाजूचा कॅन्सर निघाला आहे. वर्षानुवर्षं तंबाखू-चुना. सोलापुरात तुकडा तपासला, रिपोर्ट आला आणि तिथल्याच डॉक्टरांनी परळच्या टाटा मेमोरियलला जायला सांगितलं. नाव नोंदवून झालं, तपासण्या झाल्या, ऑपरेशन करायचं ठरलं. इथवर सरळ होतं. आता तिथे विचारलंय की एका अभ्यासात सहभागी व्हाल का. उपचाराच्या दोन पद्धती आहेत, दोन्ही आजही वापरात आहेत, पण त्यातली जास्त चांगली कोणती हे कोणालाच ठामपणे सांगता येत नाही. म्हणून निम्म्या रुग्णांना एक, निम्म्यांना दुसरी. कोणाला कोणती, हे कॉम्प्युटर ठरवणार.

घरात दोन तट पडलेत. मामी म्हणते, "आपल्या माणसावर प्रयोग नकोत." मामेभाऊ म्हणतो, नाही म्हटलं तर डॉक्टर नाराज होतील आणि पुढे नीट बघणार नाहीत. मामा म्हणतात, "तुम्ही शिकलेली माणसं, तुम्हीच ठरवा."

माझा प्रश्न फक्त या अभ्यासापुरता नाही. तिथे आधी शिकणारे डॉक्टर तपासतात, मग मोठे डॉक्टर येतात, मग कोणीतरी फाईल घेऊन अभ्यासाबद्दल बोलायला येतं. तिन्ही कामं एकाच ठिकाणी असण्यात रुग्णाचा फायदा किती आणि गैरसोय किती? मला स्वतःला वाटतं की जिथे संशोधन चालतं तिथेच उपचार घ्यावेत. पण मामीला पटवायला माझ्याकडे नुसतं 'वाटणं' आहे. अनुभव असलेल्यांनी कृपया लिहा. राहण्याच्या सोयीबद्दल माहिती असेल तर तीही द्या.

सांजवात

मामांना लवकर बरं वाटो. वाचतेय.

नवमी

माझ्या आईचं स्तनाच्या कॅन्सरचं सगळं तिथेच झालं. ऑपरेशन, किमो, रेडिएशन. आज ती नातवाला शाळेत सोडायला जाते.

शिकणाऱ्या डॉक्टरांबद्दल लिहिते, कारण सुरुवातीला आम्हालाही तेच खटकायचं. प्रत्येक वेळी नवा चेहरा आणि प्रत्येक वेळी तीच कहाणी पहिल्यापासून. पण एक गोष्ट हळूहळू लक्षात आली. त्या मुलामुलींना वरचे डॉक्टर सगळ्यांदेखत प्रश्न विचारतात. हेच औषध का, हे का नाही, साखर किती होती, मागच्या वेळी हाताला सूज होती का. त्यामुळे आईची फाईल त्यांना तोंडपाठ असायची. एकदा एका रेसिडेंट मुलीने आईच्या जुन्या रक्तदाबाच्या गोळीचं नाव वाचलं आणि तिथल्या तिथे विचारलं, "ही अजून चालू आहे का?" ती गोळी नंतर बदलली. आम्ही कोणीच ती कुठे बोललो नव्हतो. शिकवणं चालू असतं म्हणजे विचारणंही चालू असतं.

गर्दी मात्र प्रचंड असते. सकाळी लवकर जायचं, पाण्याची बाटली आणि डबा बरोबर ठेवायचा आणि तो दिवस दुसऱ्या कशासाठी धरायचा नाही.

स्पष्टवक्ता

मी विरुद्ध बाजूने लिहितो. कोणावर राग नाही.

अभ्यासात सहभागी होण्याचा होकार खरोखर मोकळा असतो का? गावाहून आलेला माणूस, हातात पैसे नाहीत, समोर पांढरा कोट. तो नाही म्हणू शकतो का? तुमच्या मामेभावाला जी भीती वाटते तीच बहुतेकांना वाटते आणि त्या भीतीतून सही होते. मोठं नाव असलं की प्रश्न विचारायची हिंमत आणखी कमी होते. उपचार आणि संशोधन एकाच माणसाच्या हातात असेल तर रुग्णाचं हित आणि अभ्यासाचं हित कधी ना कधी एकमेकांसमोर उभं राहतंच.

डॉ_भटक्या

कृष्णाकाठ, काही वर्षांपूर्वी मी तिथे शिकत होतो. आता एका जिल्ह्याच्या गावी कॅन्सर सर्जन आहे. मामांची फाईल पाहिल्याशिवाय त्यांच्या उपचारांबद्दल बोलणार नाही, पण 'कॉम्प्युटर ठरवणार' या मुद्द्यावर लिहितो, कारण मामीचा जीव तिथेच अडकला असणार.

दोन उपचारांत चांगला कोणता हे माहीत नसताना निवड डॉक्टरवर सोडली तर काय होतं? डॉक्टर नकळत धडधाकट पेशंट अवघड उपचाराकडे पाठवतो आणि थकलेला सोप्याकडे. मग अवघड उपचारवाले जास्त जगले तर ते उपचारामुळे जगले की मुळात धडधाकट होते म्हणून, हे कधीच कळत नाही. म्हणून निवड माणसाच्या हातातून काढून घेतात.

आता मामांच्याच आजाराचं उदाहरण. तोंडाचा कॅन्सर लवकर सापडला, मानेला हाताने तपासलं तर गाठी लागत नाहीत. अशा वेळी तोंडातला रोग काढताना मानेतल्या लसिकाग्रंथीही (प्रत्येकाच्या मानेत असलेल्या छोट्या गाठी, रोग पसरला तर सहसा आधी तिथे जातो) त्याच वेळी काढायच्या, की थांबून लक्ष ठेवायचं आणि पुढे गाठ आली तरच काढायची? यावर जगभरात कित्येक दशकं वाद होता. दोन्ही बाजूंनी नामवंत सर्जन. गाठी काढल्या तर खांदा दुखतो, हात वर करायला त्रास होतो, आणि अनेकांना ते ऑपरेशन लागलंही नसतं. न काढाव्यात तर रोग आत लपलेला असू शकतो.

हा वाद टाटा मेमोरियलमध्ये सुटला. २००४ ते २०१४ या काळात डॉ. अनिल डिक्रूझ आणि सहकाऱ्यांनी जवळपास ६०० रुग्ण अभ्यासात घेतले. निम्म्यांच्या गाठी लगेच काढल्या, निम्म्यांवर लक्ष ठेवलं. तीन वर्षांनी पहिल्या गटातले ८० टक्के हयात होते, दुसऱ्यातले ६७.५ टक्के. म्हणजे आठ जणांच्या गाठी लगेच काढल्या तर एक जीव जास्त वाचतो. २०१५ मध्ये हे प्रसिद्ध झालं आणि जगभर त्यानुसार ऑपरेशनं होऊ लागली. मामांच्या मानेबाबत आज जो काही निर्णय होईल, त्याच्या मागे त्या ६०० माणसांचा होकार आहे. त्यातली बहुतेक आपल्यासारखीच, तंबाखूने गाठलेली माणसं होती.

आणि मामेभावाला सांगा, नाही म्हटल्याने उपचारांत फरक पडत नाही, पडता कामा नये. ते संमतीपत्रावर लिहिलेलंच असतं. मधूनच बाहेर पडण्याचाही पूर्ण हक्क असतो.

ओवी

आठ जणांमागे एक! अंगावर काटा आला. धन्यवाद डॉक्टर.

स्पष्टवक्ता

@डॉ_भटक्या, उदाहरण चांगलं आहे. पण सगळे अभ्यास असे नसतात. मुंबईच्या वस्त्यांमधला गर्भाशयमुखाच्या कॅन्सरचा अभ्यास घ्या. १९९८ मध्ये सुरू झाला, सुमारे दीड लाख बायका. निम्म्यांची तपासणी केली, उरलेल्यांना फक्त माहिती दिली. तपासणीने जीव वाचतात हे पाश्चात्त्य देशांत पॅप टेस्टमुळे (गर्भाशयमुखाच्या पेशी काचेच्या स्लाईडवर घेऊन तपासणं) आधीच माहीत होतं. मग तुलनेच्या गटातल्या ज्या बायका या रोगाने गेल्या त्यांचं काय? या मुद्द्यावर त्या अभ्यासावर टीका झाली आहे आणि मला ती टीका रास्त वाटते.

बार्शीकर

स्पष्टवक्ता, तुमचा प्रश्न टाळण्यासारखा नाही. पण मी ज्या भागातला आहे तिथून तो थोडा वेगळा दिसतो.

बार्शीला नर्गिस दत्त मेमोरियल कॅन्सर हॉस्पिटल आहे आणि १९८७ पासून आमच्या भागात ग्रामीण कॅन्सर नोंदणी चालते, देशातली पहिली. म्हणजे खेड्यापाड्यांत कोणाला कोणता कॅन्सर झाला, पुढे काय झालं, हे घरोघर जाऊन लिहून ठेवायचं काम. त्याआधी खेड्यातली बाई अंगावरून जातंय म्हणत खंगायची, जायची, आणि तिची कुठेच नोंद व्हायची नाही. 'काहीतरी बायकांचं दुखणं होतं' एवढंच. या नोंदींतून कळलं की आमच्याकडच्या बायकांत गर्भाशयमुखाचा कॅन्सर सगळ्यात जास्त होता.

पुढे उस्मानाबाद जिल्ह्यात (आता धाराशिव) टाटा, बार्शी आणि जागतिक आरोग्य संघटनेची कॅन्सर संस्था यांनी मिळून मोठा अभ्यास केला. सुमारे ५०० गावं, १ लाख ३१ हजारांवर बायका. चार गट. एकाला एचपीव्ही विषाणूची चाचणी, एकाला पॅप, एकाला व्हिनेगरसारखं पातळ ॲसिटिक ॲसिड लावून डोळ्यांनी तपासणी, आणि एकाला नेहमीची जी काही सोय होती तेवढीच. २००९ मध्ये निष्कर्ष आले. एचपीव्हीची चाचणी आयुष्यात एकदा झालेल्या गटात ३४ मृत्यू, तपासणी न झालेल्या गटात ६४. एका चाचणीने मृत्यू जवळजवळ निम्म्यावर आले.

पॅपचं म्हणाल तर ती स्लाईड वाचायला तज्ज्ञ लागतो, प्रयोगशाळा लागते आणि बाईला पुन्हा पुन्हा बोलवावं लागतं. आमच्या गावातली बाई पहिल्यांदा यायलाच घाबरायची. पाश्चात्त्य देशांत जे चाललं ते आमच्याकडे चालेल का, हा प्रश्न खराखुरा होता. मुंबईच्या अभ्यासाचंही तेच. तिथे तपासणी डॉक्टर किंवा नर्सने केलीच नाही, प्रशिक्षण दिलेल्या साध्या आरोग्यसेविकांनी केली. मृत्यू ३१ टक्क्यांनी कमी झाले. हे सिद्ध झाल्यावर 'डॉक्टर नाहीत म्हणून तपासणी नाही' असं म्हणायची सोयच उरली नाही.

तरी तुलनेच्या गटातल्या बायकांचा विचार मनातून जात नाही, हे खरंच आहे.

स्पष्टवक्ता

@बार्शीकर, मनापासून लिहिलंत. माझं मत पूर्ण बदललं नाही, पण नोंदणीचा मुद्दा मला माहीतच नव्हता. एकच म्हणतो. ज्यांच्यामुळे आपल्याला हे ज्ञान मिळालं त्या जिल्ह्यांतल्या बायकांपर्यंत ती चाचणी आज नियमितपणे पोचते का? पोचत नसेल तर हिशोब अपुरा आहे.

बार्शीकर

याच्याशी शंभर टक्के सहमत. तो हिशोब सरकारने पुरा करायचा आहे.

आजोबा_७२

तरुण मंडळींनो, थोडं जुनं सांगतो. धाग्याला सोडून वाटेल, पण प्रश्नाशी संबंध आहे.

हे रुग्णालय २८ फेब्रुवारी १९४१ रोजी सुरू झालं, सर दोराबजी टाटा ट्रस्टतर्फे. दोराबजींच्या पत्नी मेहरबाई १९३१ मध्ये रक्ताच्या कॅन्सरने गेल्या, परदेशात उपचार चालू असताना. दोराबजींनी त्यानंतर रक्ताच्या कॅन्सरवरच्या संशोधनासाठी पत्नीच्या नावे ट्रस्ट केला आणि १९३२ मध्ये तेही गेले. म्हणजे रुग्णालयाच्या आधी संशोधनाची तरतूद झाली होती, हे लक्षात घ्या.

पहिल्या दिवसांपासून तिथे डॉ. वसंत खानोलकर होते, विकृतिशास्त्रज्ञ. त्यांनी इथल्या माणसांच्या सवयी आणि इथले कॅन्सर यांची सांगड घातली. १९४५ मध्ये त्यांनी व सहकाऱ्यांनी आपल्याकडच्या तीन प्रकारच्या कॅन्सरबद्दल लिहिलं. ओठात खैनी धरणाऱ्यांना होणारा, चुट्टा (तंबाखूच्या पानाची जाड विडी) उलटा म्हणजे जळतं टोक तोंडात धरून ओढणाऱ्यांना टाळूला होणारा, आणि धोतर वर्षानुवर्षं कमरेला घट्ट बांधल्याने त्या जागेच्या कातडीला होणारा. हे तिसरं लंडन-न्यूयॉर्कच्या पुस्तकात कुठून सापडणार? धोतर नेसणारा माणूस समोर कॉटवर असेल आणि त्याला तपासणाऱ्याला 'का' हा प्रश्न पडत असेल, तरच ते सापडतं.

१९५२ मध्ये भारतीय कॅन्सर संशोधन केंद्र निघालं, खानोलकर त्याचे पहिले संचालक. रुग्णालय १९५७ मध्ये केंद्राच्या आरोग्य खात्याकडे आणि १९६२ मध्ये अणुऊर्जा खात्याकडे गेलं, कारण रेडिएशनचं महत्त्व होमी भाभांनी ओळखलं होतं. १९६६ मध्ये रुग्णालय आणि संशोधन केंद्र एकत्र करून टाटा मेमोरियल सेंटर झालं.

आमच्या मातोश्रींना तिथे न्यायचं ठरलं तेव्हा शेजारच्याने 'ते अणुऊर्जा खात्याचं आहे' एवढंच सांगितलं. त्या म्हणाल्या, "म्हणजे मला उडवणार की काय?" आम्ही हसलो, त्याही हसल्या, आणि मग निमूटपणे टॅक्सीत बसल्या.

सांजवात

"मला उडवणार की काय" :) आजी ग्रेट!

आजोबा, खानोलकरांचा विषय निघालाय तर कमल रणदिवे यांचं नाव घ्यायलाच हवं. पुण्याच्या हुजूरपागेच्या विद्यार्थिनी. खानोलकरांच्या मार्गदर्शनाखाली पीएचडी केली, अमेरिकेत जाऊन पेशी काचेच्या भांड्यात वाढवण्याचं तंत्र शिकल्या आणि परत येऊन त्याची देशातली पहिली प्रयोगशाळा मुंबईत उभी केली. स्तनाच्या कॅन्सरवर उंदरांमध्ये केलेलं त्यांचं काम महत्त्वाचं मानलं जातं. १९८२ मध्ये पद्मभूषण. शाळेच्या पुस्तकात त्यांच्यावर एक धडा असायला हवा असं मला फार वाटतं.

ओवी

मी मघाशी एकाच ओळीत उरकलं होतं, आता नीट लिहिते.

माझ्या बाबांचा तोंडाचा कॅन्सर परत आला होता आणि ऑपरेशनच्या पलीकडे गेला होता. तेव्हा आम्ही इम्युनोथेरपीची (शरीराच्या प्रतिकारशक्तीलाच कॅन्सरशी लढायला लावणारे उपचार) चौकशी केली. निवोलुमॅब नावाचं औषध. त्याच्या नेहमीच्या डोसची किंमत ऐकून भाऊ बाहेर जाऊन पायरीवर बसला. घर विकलं तरी काही महिने निघतील, एवढीच ती रक्कम होती.

नंतर कळलं की टाटामध्ये डॉ. विजय पाटील, डॉ. कुमार प्रभाश आणि सहकाऱ्यांनी नेमका हाच प्रश्न घेतला होता. नेहमीच्या डोसच्या दहा टक्क्यांपेक्षाही कमी डोस, दर तीन आठवड्यांनी २० मिलिग्रॅम, आणि जोडीला स्वस्तातल्या गोळ्या. फक्त गोळ्यांवर असलेल्यांपैकी वर्षानंतर १६.३ टक्के हयात होते. गोळ्या आणि कमी डोसचं इंजेक्शन घेतलेल्यांपैकी ४३.४ टक्के. हे २०२२ मध्ये प्रसिद्ध झालं.

मी विचार करत राहिले की हा अभ्यास करणार कोण? औषध कंपनी करेल का? दहाव्या हिश्शात काम भागतं हे सिद्ध करण्यात तिचा तोटाच आहे. ज्या देशात विमा पैसे भरतो तिथल्या डॉक्टरला हा प्रश्न पडेल का? हा प्रश्न त्यालाच पडतो ज्याच्या ओपीडीत रोज माझ्या भावासारखी माणसं येतात. बाबा नंतर गेले. पण शेवटच्या काळात ते जेवत होते, बोलत होते, आणि आमचं घर आमच्याकडे आहे.

म्हणून मामींना माझ्यातर्फे सांगा, 'प्रयोग' म्हणजे दर वेळी कंपनीचं नवं औषध आणि आपण उंदीर असं नसतं.

डॉ_भटक्या

ओवी, बाबांबद्दल वाचून वाईट वाटलं. तुम्ही अगदी मर्मावर बोट ठेवलंत.

याच जातीचं आणखी एक काम. स्तनाच्या कॅन्सरच्या ऑपरेशनच्या काही मिनिटं आधी गाठीभोवती लिडोकेन टोचायचं. दात काढताना देतात तेच भुलीचं औषध, कुठल्याही दवाखान्यात मिळणारं. डॉ. राजेंद्र बडवे आणि सहकाऱ्यांनी देशातल्या ११ केंद्रांवर सुमारे १६०० बायकांत ते तपासलं. पाच वर्षांनी लिडोकेन दिलेल्यांपैकी ९०.१ टक्के हयात, न दिलेल्यांपैकी ८६.४. ऑपरेशनच्या वेळी पेशी विखुरल्या जाऊ नयेत, ही त्यामागची कल्पना. इतर देशांतही असा अभ्यास होऊन दुजोरा मिळायला हवा, पण औषधाचा खर्च नगण्य आणि धोका फारसा नाही, म्हणून मी माझ्या गावी ते वापरतो.

शिक्षणाचा मुद्दा इथेच येतो. मी हे वापरतो कारण मी तिथे शिकलो. माझ्याबरोबरचे आज आसामात आहेत, विदर्भात आहेत, केरळात आहेत. तिथे फक्त उपचार झाले असते तर सगळं ज्ञान परळमध्येच राहिलं असतं आणि सगळ्यांनाच परळला यावं लागलं असतं.

गिरणगाव

परळला तसंही सगळेच येतात. मी तिथलाच. फुटपाथवर झोपलेली कुटुंबं लहानपणापासून पाहत आलोय. संशोधन थोर आहे, मान्य, पण नाकात नळी असलेला माणूस रस्त्याच्या कडेला बसलेला दिसतो तेव्हा मला आकडे आठवत नाहीत.

राहण्याबद्दल विचारलंय, म्हणून सांगतो. दादरला संत गाडगे महाराजांची धर्मशाळा आहे, रुग्ण आणि नातेवाईकांसाठी. परळलाच नाना पालकर स्मृती समिती आहे. लहान मुलांसाठी सेंट ज्यूड्सची केंद्रं आहेत, आईवडिलांसकट राहता येतं. पण थेट जाऊन उभे राहू नका. आधी रुग्णालयाच्या समाजसेवा विभागात जा. तिथले लोक धर्मशाळेचं पत्र, महात्मा फुले जनआरोग्य योजना, मुख्यमंत्री निधी, ट्रस्टांची मदत, सगळं एकाच जागी समजावून सांगतात. रेशन कार्ड, आधार आणि उत्पन्नाचा दाखला, मूळ प्रती आणि भरपूर झेरॉक्स. रेल्वेच्या सवलतीचा फॉर्मही रुग्णालयातून मिळतो. लोकलमध्ये कॅन्सरच्या रुग्णाला दिव्यांगांच्या डब्यात बसता येतं, हे पुष्कळांना माहीत नसतं.

नवमी

@गिरणगाव +१. समाजसेवा विभागाबद्दल अगदी अगदी. आम्हाला हे फार उशिरा कोणीतरी सांगितलं.

मोगरा_२

आमचा अनुभव वेगळा. भावाचे उपचार खासगी रुग्णालयात केले, विमा होता. एकच डॉक्टर पहिल्यापासून शेवटपर्यंत, वेळ घेऊन जायचं, फोन केला तर उचलायचे. आजारी माणसाला याची किंमत फार असते. सगळ्यांनी मोठ्या संस्थेतच जावं असं मला वाटत नाही. आमच्या डॉक्टरांनी टाटाचा ऑनलाईन सल्ला मागवून घेतला, रिपोर्ट पाठवले, त्यांनी ठरवलेल्या उपचारांना दुजोरा मिळाला. माहिती तिथली आणि सोय इथली, असंही होऊ शकतं.

डॉ_भटक्या

मोगरा, बरोबर आहे. २०१२ मध्ये सुरू झालेली नॅशनल कॅन्सर ग्रिड त्यासाठीच आहे. देशभरातली ३०० हून जास्त केंद्रं तिच्यात आहेत, एकसारख्या उपचारपद्धती ठरवतात, औषधांची एकत्र खरेदी करून किंमत खाली आणतात. वाराणसी, गुवाहाटी, संगरूर, विशाखापट्टणम इथे टाटा मेमोरियल सेंटरची स्वतःची रुग्णालयंही आहेत. माझ्या ओपीडीत येणाऱ्या बहुतेकांना मी मुंबईला पाठवत नाही. गुंतागुंतीचं असेल तरच पाठवतो.

तिठा

संमतीपत्राबद्दल एक कडू अनुभव लिहितो. रुग्णालय वेगळं होतं, नाव नको. माझ्या काकूंना ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी इंग्रजीतले कागद दिले आणि "इथे, इथे आणि इथे" एवढंच सांगितलं. काकूंनी तीनदा सही केली. नंतर मी वाचलं तेव्हा त्यात उरलेला तुकडा संशोधनासाठी ठेवण्याची परवानगीही होती. त्यात वाईट काही नव्हतं, विचारलं असतं तर काकूंनी हसत दिली असती. पण विचारलं नाही. ते अजून सलतं.

स्पष्टवक्ता यांचा मुद्दा मी म्हणूनच हलक्यात घेत नाही.

खारघरची_मीरा

तिठा, तुमच्या काकूंच्या बाबतीत झालं ते चुकीचंच. मी संशोधनाच्या बाजूची आहे, पेशंटला सहसा न दिसणाऱ्या. म्हणून लिहावंसं वाटलं.

खारघरला ॲक्ट्रेक आहे, टाटा मेमोरियल सेंटरचंच संशोधन केंद्र, जोडीला रुग्णालय. आमच्यापर्यंत तुकडा येतो तेव्हा त्याच्यावर नाव नसतं, फक्त नंबर असतो. उणे ८० अंशांच्या फ्रीजरमधून डबी काढताना बोटं हातमोज्यातूनही बधिर होतात. त्या डबीत तांदळाच्या दाण्याएवढं काहीतरी असतं. आमच्या प्रयोगशाळेतल्या बाई पहिल्याच दिवशी नव्या मुलांना सांगतात की हे वाया गेलं तर दुसरं मिळणार नाही, कारण तो माणूस कदाचित आता नसेल. आमच्यापैकी कोणी ते यांत्रिकपणे हाताळत नाही.

आणि हे सगळं उलट फिरून पेशंटकडे जातं. रक्ताच्या कॅन्सरसाठी देशात तयार झालेली पहिली कार-टी उपचारपद्धती आयआयटी मुंबई आणि टाटा मेमोरियल यांच्या कामातून आली, तिला २०२३ मध्ये मान्यता मिळाली. पेशंटच्याच रक्तातल्या पेशी काढायच्या, त्यांना कॅन्सर ओळखायला शिकवायचं आणि परत त्याच्याच शरीरात सोडायच्या. त्यासाठी प्रयोगशाळा, वॉर्ड आणि ते दोन्ही समजणारे तरुण डॉक्टर हाकेच्या अंतरावर असावे लागतात. त्याच्या कितीतरी आधी, १९८३ मध्ये, देशातलं पहिलं बोन मॅरो ट्रान्सप्लांटही टाटामध्येच डॉ. सुरेश अडवाणींनी केलं होतं.

आजोबा_७२

मीराताई, 'तो माणूस कदाचित आता नसेल' हे त्या बाईंचं सांगणं मोलाचं आहे. त्यांना माझा नमस्कार सांगा.

सांजवात

कृष्णाकाठ, मामांचं काय ठरलं?

कृष्णाकाठ

सगळ्यांचे आभार. काल रात्री मामीला हा धागा सुरुवातीपासून वाचून दाखवला. मानेच्या गाठींच्या अभ्यासाचा भाग तिने दोनदा वाचायला लावला. ओवीच्या बाबांबद्दल ऐकून ती रडली. स्पष्टवक्ता यांचं ऐकताना मात्र मान डोलावत होती! तिचं म्हणणं असं, की हो म्हणायचं की नाही ते मामांनी स्वतः ठरवायचं, आपण शिकलेल्यांनी नाही. आणि सगळं मराठीत समजल्याशिवाय सही नाही.

मामांना कागद वाचून दाखवायचा आहे. तिथे मराठी संमतीपत्र मागता येतं ना? आणि विचारायचं नेमकं काय?

डॉ_भटक्या

मागता येतं आणि मागायचंच. रुग्णाला कळेल त्या भाषेत माहिती देणं हा नियम आहे. कागद घरी न्या, चार दिवस घ्या, घाईने सही करायची गरज नाही. मामांनीच विचारावं: दोन्ही पद्धतींत काय काय त्रास होऊ शकतो, अभ्यासात नसतो तर मला यातली कोणती दिली असती, जादा तपासण्या आणि चकरा किती, त्यांचा खर्च कोण करणार. अभ्यासामुळे काही इजा झाली तर उपचार आणि भरपाई कोणाची, हेही कागदावर लिहिलेलं असलं पाहिजे. एथिक्स कमिटीचा (रुग्णांच्या हक्कांवर लक्ष ठेवणारी समिती) संपर्क त्यातच असतो, तो वेगळा लिहून ठेवा. औषधोपचारांच्या अशा अभ्यासांची देशाच्या क्लिनिकल ट्रायल रजिस्ट्रीत नोंद होते. नोंदणी क्रमांक मागा, भाच्याला कॉम्प्युटरवर शोधून बघता येईल.

कृष्णाकाठ

भाच्याला नाही, भाचीला :) शोधते.

स्पष्टवक्ता

एक भर घालतो. "मधे सोडलं तर पुढचे उपचार कोणते आणि ते कोण देणार?" हे उत्तर मामांसमोर, मामी शेजारी बसलेली असताना घ्या. आणि सही केलेल्या कागदाची प्रत तिथून निघण्याआधीच मागून घ्या, 'नंतर देतो' वर सोडू नका. मामांना माझ्या शुभेच्छा, त्यांनी काहीही ठरवलं तरी.

गिरणगाव

ऑपरेशनला रक्त लागलं तर इथे लिहा. आमच्या मंडळातली पाच-सहा पोरं परळमध्येच आहेत, लगेच येतील.